मार खाऊनही हात न उचलण्याचं प्रशिक्षण नेमकं कसं द्यायचे? (नॅशव्हिल, १९६०)

मुळाक्षर

कॉलेजच्या मुलामुलींच्या निवासी शिबिरात अहिंसक प्रतिकारावर दोन तासांचं सत्र घ्यायचं आहे. दांडीयात्रा मुलांना पाठ असते, आणि पाठ असल्यामुळेच तिच्याबद्दल कुणाला काही विचारावंसं वाटत नाही. म्हणून अमेरिकेतल्या टेनेसी राज्यातलं नॅशव्हिल निवडलं आहे. १३ फेब्रुवारी १९६० ला कृष्णवर्णीय विद्यार्थी तिथल्या बाजारपेठेतल्या दुकानांच्या, फक्त गोऱ्यांना बसून खाता येणाऱ्या लंच काउंटरवर जाऊन बसले आणि १० मे ला सहा दुकानांनी काउंटर सगळ्यांना खुले केले. या मुलांना तयार करणाऱ्या जेम्स लॉसन यांनी त्याआधी नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजात काम केलं होतं, त्यामुळे आपल्या मुलांना धरून ठेवायला एक दुवाही आहे.

अडचण अशी की वाचायला मिळतं त्यात धैर्य, त्याग, प्रेमाचा विजय हे भरपूर असतं. मला त्यामागची यंत्रणा हवी आहे. विशी-बाविशीच्या मुलाच्या अंगावर कुणी सिगारेट विझवतो आणि तो हात उचलत नाही, हे शिकवलं कसं? त्या दिवशी कोण कुठे उभं होतं, अटक झाल्यावर पुढे काय ठरलं होतं? आणि सगळ्यात महत्त्वाचं, नुसतं बसून राहिल्याने दुकानदार का वाकले? जमलं तर सत्रात छोटं प्रात्यक्षिकही घ्यायचं आहे. जाणकारांनी सविस्तर लिहावं.

सावरगाव

धागा चांगला आहे. प्रशिक्षणापुरतं लिहितो, बाकीचं इतर लिहितीलच.

लॉसन १९५३ ते १९५६ नागपुरात होते. मेथडिस्ट मिशनतर्फे आले होते, हिस्लॉपमध्ये शिकवणं आणि खेळांचं प्रशिक्षण अशी दोन्ही कामं करत. त्याआधी कोरियन युद्धाच्या काळात सक्तीच्या लष्करभरतीला नकार दिल्याबद्दल ते वर्षभराहून जास्त तुरुंगात राहिले होते, म्हणजे अहिंसेशी त्यांची ओळख नागपूरला झाली असं समजू नका. नागपुरात त्यांना सत्याग्रहाची कार्यपद्धती जवळून अभ्यासता आली. अमेरिकेतल्या माँटगोमेरी शहरात कृष्णवर्णीयांनी बसवर टाकलेल्या बहिष्काराची बातमीही त्यांनी नागपूरच्याच वर्तमानपत्रात वाचली. परतल्यावर १९५७ च्या फेब्रुवारीत मार्टिन ल्यूथर किंग भेटले. शिक्षण संपेपर्यंत थांबू नका, लगेच दक्षिणेत या, असा त्यांनी आग्रह केला. मग लॉसन नॅशव्हिलला आले आणि तिथल्या व्हँडरबिल्ट विद्यापीठात धर्मशास्त्र शिकू लागले.

१९५९ च्या शरद ऋतूपासून दर मंगळवारी संध्याकाळी फिस्क विद्यापीठाजवळच्या एका चर्चमध्ये वर्ग भरायचा. येणारी मुलं थोडी: डायेन नॅश, जॉन लुइस, बर्नार्ड लाफायेट, जेम्स बेव्हल, मॅरियन बॅरी. पुढे यातली बहुतेक नावं अमेरिकेच्या राजकारणात गाजली. तेव्हा मात्र हे वीसच्या आसपासचे विद्यार्थी होते आणि नॅशला तर सुरुवातीला हे सगळं चालेल असं वाटतच नव्हतं.

पहिलं काम होतं जागा ठरवण्याचं. भेदभाव शाळांत होता, घरांत होता, नोकऱ्यांत होता. मग लंच काउंटरच का? वर्गाला येणाऱ्या बायकांनी सांगितलं म्हणून. डाउनटाउनच्या (मुख्य बाजारपेठेतल्या) दुकानात कपडे, भांडी, वह्या सगळं विकत घेता येतं, पैसे चालतात, पण लेकरू बरोबर असेल तर त्याला दोन घास भरवायला बसता येत नाही. या तक्रारीत तीन गोष्टी एकत्र आल्या होत्या: अपमान रोजचा होता, विरोधक ठरावीक होते (मोजकी दुकानं, नावानिशी मालक), आणि मालकाला आपल्या पैशाची गरज होती. मागणी एका वाक्यात सांगता येत होती. लक्ष्य निवडताना हे तीन निकष लावले नाहीत तर पुढचं कितीही चांगलं प्रशिक्षण वाया जातं.

दुसरं काम, चाचणी. २८ नोव्हेंबर १९५९ ला हार्व्हीज आणि ५ डिसेंबरला केन-स्लोन या मोठ्या दुकानांत छोटे गट गेले. आधी काहीतरी खरेदी केली, मग काउंटरवर बसून खायला मागितलं. नकार मिळाल्यावर मॅनेजरला बोलावलं, नकाराचं कारण विचारलं आणि उठून बाहेर आले. इतकंच. यातून दोन गोष्टी हाती आल्या: नकार वर्णामुळेच दिला जातो हे दुकानाच्याच तोंडून वदवून घेतलं, आणि आत जाऊन बसायची भीती पहिल्यांदा मोडली. चाचणीच्या वेळी अटक होईपर्यंत ताणलं नाही, कारण तेव्हा वकील, जामीन, मागची फळी काहीच तयार नव्हतं.

आता मुख्य मुद्दा. लॉसन यांच्या वर्गातल्या सरावात खुर्च्या एका ओळीत मांडून काउंटर करायचे. काही जण बसणारे, काही जण टवाळखोर. टवाळखोरांनी शिव्या द्यायच्या, कानाशी ओरडायचं, तोंडावर सिगारेटचा धूर सोडायचा, डोक्यावर काहीतरी ओतायचं, खुर्ची ओढून पाडायचं. मग अदलाबदल. ही अदलाबदल फार कामाची असते: टवाळखोराची भूमिका करताना कळतं की समोरचा चिडला की मजा येते आणि तो शांत राहिला की काय करावं ते सुचेनासं होतं. हे व्याख्यानातून पोचत नाही.

शरीराचं शिक्षण अगदी ठोस होतं. खाली पडलात तर गुडघे पोटाशी, हनुवटी छातीला, हातांनी डोकं झाकायचं. शक्य तोवर मारणाऱ्याच्या डोळ्यांत बघायचं, कारण मान खाली घातलेल्या माणसाला मारणं सोपं जातं. आणि एकाच माणसाला फार मार बसत असेल तर शेजारच्यांनी मारणाऱ्याला न अडवता मार खाणाऱ्यावर आपलं अंग टाकायचं, म्हणजे मार वाटला जातो. हे शेवटचं मुद्दाम शिकवावं लागतं. सराव नसेल तर माणूस मित्राला वाचवायला धावतो, पहिली प्रतिक्रिया म्हणून मारणाऱ्याचा हात धरतो, आणि पोलिसांना नेमकं तेवढंच हवं असतं.

गाळणीही होती. सरावात ज्याचा हात उठला त्याला कमी लेखायचं नाही, पण काउंटरवरही पाठवायचं नाही. फोन सांभाळणं, निरोप पोचवणं, गाडी चालवणं, बाहेरून नजर ठेवणं अशी कामं ढीगभर असतात.

निवांत काठावर

सावरगाव यांनी छान लिहिलंय. प्रत्यक्ष दिवसांबद्दल भर घालतो.

१ फेब्रुवारी १९६० ला नॉर्थ कॅरोलायनातल्या ग्रीन्सबरोमध्ये चार विद्यार्थी वूलवर्थ या दुकानाच्या काउंटरवर बसले आणि बातमी पसरली. नॅशव्हिलची तयारी त्यांच्या आधीपासून चालू होती, पण ठिणगी तिकडे पडली. त्यामुळे एक भलतीच अडचण उभी राहिली: मंगळवारच्या वर्गाला मूठभर मुलं येत होती, आता सभेला काहीशे आली. संघटनेच्या तिजोरीत शंभर डॉलरही नव्हते, जामिनाचं काय करणार? मोठ्यांचं मत थांबावं असं होतं, मुलं थांबायला तयार नव्हती. शेवटी नव्यांना त्याच रात्री घाईघाईने धडे दिले. अशी वेळ कुठल्याही आंदोलनावर येते. संख्या वाढली की शिस्त पातळ होते, आणि दोन्ही एकदम मिळत नाहीत.

१३ फेब्रुवारीला, शनिवारी, १२४ जण क्रेस, वूलवर्थ आणि मॅक्लेलन या तीन दुकानांत गेले. शनिवार का? गिऱ्हाइकांची गर्दी आणि कॉलेजला सुटी. चर्चमधून चालत निघाले, अंगावर रविवारच्या प्रार्थनेला घालायचे कपडे, हातात अभ्यासाची पुस्तकं. आधी छोटी खरेदी, मग काउंटर. दुकानांनी 'काउंटर बंद' म्हणून जाहीर केलं. मुलं दोनेक तास वाचत बसली आणि उठून गेली. १८ तारखेला दोनशेहून जास्त, २० ला त्याहून जास्त.

२७ फेब्रुवारीला गोऱ्या टोळक्यांनी हल्ला केला. मुलांना स्टुलांवरून ओढलं, लाथा घातल्या, जळत्या सिगारेटी अंगाला लावल्या. पोलिसांनी अटक केली ती ८१ बसणाऱ्यांना. हल्लेखोरांपैकी एकालाही नाही. इथे आधीची आखणी कामाला आली: पहिली तुकडी पोलिसगाडीत चढली की दुसरी येऊन त्याच स्टुलांवर बसायची, तिला नेलं की तिसरी. पोलीस काउंटर रिकामं करत होते आणि ते रिकामं राहत नव्हतं.

लुइस आणि लाफायेट यांनी आचारनियमांचा एक कागद तयार केला होता, तो प्रत्येकाजवळ असायचा. उलट मारू नका, शिवी देऊ नका हे त्यात अर्थातच आहे. पण मला त्यातले बारीक नियम जास्त शिकवणारे वाटतात. मोठ्याने हसू नका: घाबरलेल्या माणसाला हसू फुटतं आणि समोरच्याला ती टर वाटते. दुकानाचं दार आणि आतली वाट अडवू नका: अडवलीत तर गुन्हा तुमचा, आणि इतर गिऱ्हाइकांचा राग तुमच्यावर. सरळ बसा, तोंड काउंटरकडे: गिऱ्हाईक म्हणून आलात, तसेच दिसा. प्रमुखाने सांगितल्याशिवाय जागा सोडू नका. कुणी काही विचारलं तर नम्रपणे प्रमुखाकडे बोट दाखवा, कारण दहा जणांनी दहा उत्तरं दिली की त्यातलं सगळ्यात वाईट उत्तर पेपरात येतं.

खटल्यात प्रत्येकी ५० डॉलर दंड झाला. तो भरायचा नाही, त्याऐवजी तेहतीस दिवस आणि वर काही तास कैद भोगायची, हे मुलांनी ठरवलं. बचावाचे वकील अलेक्झांडर लुबी युक्तिवाद करत असताना न्यायाधीशांनी त्यांच्याकडे पाठ फिरवली, हेही नोंदलेलं आहे. दंड न भरण्यामागचं गणित साधं आहे. दंड भरला की आंदोलनाचा पैसा पालिकेच्या खिशात जातो. तुरुंगात गेलं की त्यांना जेवू घालण्याचा, राखण्याचा खर्च पालिकेवर, आणि कॉलेजच्या मुली कोठडीत आहेत ही बातमी रोज नव्याने छापून येते. काही दिवसांतच महापौर बेन वेस्ट यांनी दोन्ही वर्णांच्या लोकांची समिती नेमली आणि कैदेतल्या मुलांची सुटका झाली.

लॉसन यांना मात्र या आंदोलनातल्या सहभागामुळे व्हँडरबिल्टने मार्चमध्ये काढून टाकलं.

मुळाक्षर

दोघांचेही मनापासून आभार, हेच हवं होतं. एक शंका. समिती नेमली म्हणजे प्रश्न थंड्या बस्त्यात, असाच आपल्याकडचा अनुभव. तिथे तसं का झालं नाही?

आठवडी बाजार

होणारच होतं. समितीने ५ एप्रिलला जो तोडगा काढला तो वाचा: काउंटरचे दोन भाग करायचे, एक फक्त गोऱ्यांचा, दुसरा सगळ्यांचा. विद्यार्थ्यांनी तो सरळ नाकारला. नाकारू शकले, कारण तोवर बहिष्कार सुरू झाला होता आणि ईस्टर तोंडावर आला होता.

नाक दाबलं की तोंड उघडतं. बसण्याने प्रश्न दिसला, पण मालकांचं नाक दाबलं ते बहिष्काराने. ईस्टरला नवे कपडे, बूट, टोप्या घ्यायची तिकडे रीत, म्हणजे आपल्या दिवाळीचा हंगाम म्हणा. फिस्कचे अर्थशास्त्राचे प्राध्यापक व्हिव्हियन हेंडरसन यांनी शहरातल्या कृष्णवर्णीयांची वार्षिक खरेदी ५ कोटी डॉलरच्या घरात मांडली होती. ते गिऱ्हाईक थांबलं. वर, गोरे गिऱ्हाईकही डाउनटाउनला फिरकेना, कारण तिथे कधी मारामारी होईल याचा नेम नव्हता. गंमत बघा, दंगा केला हल्लेखोरांनी, आणि त्या दंग्याची किंमत मोजली काउंटर बंद ठेवणाऱ्या दुकानदारांनी.

दुकानाचा बहिष्कार तुलनेने सोपा असतो, खरेदी पुढे ढकलता येते. बसचं तसं नाही, माणसाला रोज कामावर जावंच लागतं. माँटगोमेरीत ५ डिसेंबर १९५५ पासून ३८१ दिवस बहिष्कार टिकला तो पर्यायी वाहतुकीमुळे. आधी टॅक्सीवाल्यांनी बसइतकेच १० सेंट घ्यायचं ठरवलं. शहराने ४५ सेंटच्या किमान भाड्याचा नियम पुढे करून ते मोडलं. मग सुमारे ३०० खासगी गाड्यांची व्यवस्था उभी केली, चढण्या-उतरण्याच्या जागा ठरवल्या, वेळापत्रक केलं. मग गाड्यांचे विमे रद्द व्हायला लागले, तर लंडनच्या लॉइड्सकडून विमा मिळवला. बहिष्काराची हाक देणारे शंभर मिळतात. विम्याचे कागद सांभाळणारा एक मिळाला नाही तर बहिष्कार तिसऱ्या आठवड्यात बसतो.

परत नॅशव्हिल. मालकांची खरी भीती शेजारच्या दुकानाची होती. आपण एकट्याने काउंटर उघडलं तर गोरं गिऱ्हाईक शेजारी जाईल. त्यामुळे वाटाघाटीतली किल्ली ही की सगळ्यांनी एकाच दिवशी, एकाच वेळी उघडायचं. कुणी पहिला नाही म्हणजे दोषीही नाही. शिवाय सुरुवातीला दोघं-तिघं असे छोटे गट यायचे, कधी येणार ते दुकानाला आधी माहीत असायचं, आणि वर्तमानपत्रांनी गाजावाजा करायचा नाही. १० मे ला दुपारी तीनच्या सुमाराला माणसं आली, बसली, खाल्लं, पैसे दिले, गेली. प्रतिस्पर्ध्याला अब्रू राखून मागे जायला वाट ठेवणं हाही तयारीचाच भाग होता. आपल्याकडे आंदोलन जिंकलं की आधी गुलाल उधळतात, त्यामुळे हा भाग कुणी शिकवत नाही.

मधला एक प्रसंग सत्रात जरूर घ्या. १९ एप्रिलला पहाटे लुबी यांच्या घरावर डायनामाइट टाकलं. ते आणि पत्नी बचावले, पण समोरच्या मेडिकल कॉलेजच्या शंभरावर खिडक्या फुटल्या. त्याच दिवशी हजारोंचा मोर्चा पालिकेकडे निघाला, घोषणा नाहीत, गाणी नाहीत, नुसत्या पावलांचा आवाज. पालिकेच्या पायऱ्यांवर आंदोलनातले पाद्री सी. टी. व्हिव्हियन यांनी तयार निवेदन वाचलं, आरोप केले, महापौर चिडले, शब्दाला शब्द वाढला. तेव्हा डायेन नॅशने सूर बदलला. निव्वळ वर्णावरून भेदभाव करणं चूक आहे असं तुम्हाला माणूस म्हणून वाटतं का, असं तिने विचारलं. ते हो म्हणाले. मग लंच काउंटरचं थेट विचारलं. तिथेही हो म्हणावं लागलं. दुसऱ्या दिवशी पेपरात तेच. आरोपाला प्रत्युत्तर देता येतं. हो किंवा नाही असंच उत्तर असलेल्या प्रश्नाला, हजारो डोळे रोखलेले असताना, बगल देता येत नाही. आणि महापौर हो म्हणाल्यामुळे मालकांना बोट दाखवायला कुणीतरी मिळालं, हेही लक्षात घ्या.

दासगाव बंदर

महाड विसरू नका. शिबिर महाराष्ट्रात आहे आणि सार्वजनिक ठिकाणी हक्काने जाऊन बसण्याचा, पाणी पिण्याचा प्रश्न इथे तेहतीस वर्षं आधी उभा राहिला होता.

साम्य बघा. चवदार तळं खुलं करण्याचा ठराव महाड नगरपालिकेने १९२४ मध्ये केला होता, म्हणजे लक्ष्य ठरावीक आणि हक्क कागदावर होता. २० मार्च १९२७ ला परिषदेहून लोक शिस्तीत तळ्यावर गेले, डॉ. आंबेडकरांनी पाणी प्यायलं. मग वीरेश्वराच्या देवळात घुसणार अशी अफवा उठली आणि जेवायला बसलेल्या, परतीला लागलेल्या लोकांवर हल्ले झाले. उलटून तुटून पडू अशी भाषा काही तरुणांनी केली, बाबासाहेबांनी त्यांना आवरलं. प्रत्युत्तर झालं असतं तर दुसऱ्या दिवसापासून चर्चा पाण्याची राहिली नसती, दंगलीची झाली असती. मारणाऱ्यांपैकी काहींना पुढे शिक्षाही झाल्या.

व्यवस्थेच्या बाजूने तर महाड नॅशव्हिलपेक्षा अवघड होतं. मार्चच्या परिषदेला पाणी ४० रुपयांना विकत घ्यावं लागलं. डिसेंबरच्या दुसऱ्या परिषदेला गावात कुणी जागा देईना, शेवटी फत्तेखान यांनी दिली. धान्यसामान विकत मिळणार नाही हे गृहीत धरून ते बाहेरून आणलं. मोटारवाले नेणार नाहीत म्हणून बाबासाहेब आणि प्रतिनिधी मुंबईहून बोटीने दासगावला उतरले, तिथून महाडपर्यंत पायी.

आणि मुख्य म्हणजे थांबायचं केव्हा याचा धडा महाडलाच आहे. १४ डिसेंबर १९२७ ला विरोधकांनी दिवाणी कोर्टातून तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. २५ तारखेला हजारो लोक जमले, मनुस्मृतीचं दहन झालं, सत्याग्रहाला तीन हजारांवर लोकांनी नावं दिली. सगळी तयारी असताना तळ्यावर पाणी प्यायला जाणं बाबासाहेबांनी स्थगित केलं, मिरवणूक काढली आणि लढा कोर्टात नेला. हक्क कायद्याने आपल्या बाजूचा असताना कोर्टाचा हुकूम मोडला असता, तर सरकारलाच विरोधकांच्या बाजूने उभं राहायला भाग पाडल्यासारखं झालं असतं. मुंबई उच्च न्यायालयाचा निकाल १७ मार्च १९३७ ला आला, अस्पृश्यांच्या बाजूने. दहा वर्षं लागली. तो निर्णय बरोबर होता का यावर आजही वाद घालता येतो, मुलांना घालू द्या.

तिरकस

सगळ्यांचं कौतुक करून थोडा खडा टाकतो. वरचं वाचून असं वाटेल की सराव केला, कपडे नीट घातले, बहिष्कार टाकला की झालं. १९६१-६२ मधलं जॉर्जियातलं ऑल्बनी बघा. लोक शिस्तीचे होते, शेकड्यांनी तुरुंगात गेले, किंग स्वतः होते, आणि पदरात जवळजवळ काही पडलं नाही.

का? एक तर मागणी सगळीच्या सगळी: बस, वाचनालय, बागा, काउंटर, सारं एकदम. जोर विखुरला. दुसरं, पोलीसप्रमुख लॉरी प्रिचेट यांनीही गांधी वाचून तयारी केली होती. कॅमेऱ्यासमोर लाठी नाही, अटकही अदबीने, आणि आसपासच्या काउंट्यांच्या (जिल्ह्यांच्या) तुरुंगांत आधीच जागा सांगून ठेवलेल्या. तुरुंग भरण्याची योजना होती, तुरुंग भरलेच नाहीत. पुढे १९६३ मध्ये किंग अलाबामातल्या बर्मिंगहॅमला गेले तेव्हा लक्ष्य बाजारपेठेवर आवळलं आणि तिथे पोलिसांचा कारभार पाहणारा माणूसही वेगळा, कॅमेऱ्यासमोरच बळ वापरणारा निघाला.

मीठ सत्याग्रहातल्या धारासणाचंही तसंच. २१ मे १९३० ला सरोजिनी नायडूंच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच हजार स्वयंसेवक मिठागराकडे गेले, हात न उचलता लाठ्या खाल्ल्या, जखमींना उचलायला माणसं अपुरी पडली. मिठागर ताब्यात आलं नाही. मीठ कायदाही गेला नाही. गांधी-आयर्विन करारात किनाऱ्याच्या गावांना घरच्यापुरतं मीठ गोळा करायची सवलत तेवढी मिळाली. धारासणा जगभर पोचलं, कारण वेब मिलर नावाचा अमेरिकन बातमीदार तिथे उभा होता. तो नसता तर?

आणि नॅशव्हिलला १० मे ला उघडले ते सहा दुकानांचे काउंटर. बहुतेक हॉटेलं आणि इतर ठिकाणं तशीच राहिली, त्यांच्यासाठी १९६४ च्या नागरी हक्क कायद्यापर्यंत निदर्शनं चालू होती. सत्रात हे नक्की सांगा, नाहीतर मुलांना वाटेल तीन महिन्यांत वर्णभेद संपला.

सावरगाव

तिरकस यांच्याशी सहमत, फक्त ऑल्बनीचा दोष प्रशिक्षणाच्या माथी मारू नये. ते लक्ष्य निवडण्यातलं अपयश होतं.

@मुळाक्षर, प्रात्यक्षिकाबद्दल. मुलं २४ धरू. सहा बसणारे, सहा टवाळखोर, एक मॅनेजर, एक बसणाऱ्यांचा प्रमुख, दोन पोलीस, दोन लिहून घेणारे निरीक्षक. उरलेले सहा दुसरी फळी म्हणून दाराबाहेर. पहिली फेरी चार मिनिटांची पुरते. त्याहून लांबली की नाटक होतं. तिसऱ्या मिनिटाला पोलिसांनी बसणाऱ्यांना न्यायचं आणि दुसऱ्या फळीने आत येऊन बसायचं. इथे हमखास गोंधळ होतो: दुसऱ्या फळीला कधी निघायचं ते कळत नाही, कारण इशारा कोण देणार हे ठरलेलं नसतं. तो गोंधळ होऊ द्या, मग विचारा. मग भूमिका बदलून दुसरी फेरी.

मर्यादा आधी फळ्यावर लिहा. केसांना, चेहऱ्याला हात नाही. ओतायचं तर पाणी, तेही खांद्यावर. मुलींना त्रास देण्याच्या भूमिकेत मुलगे नकोत. खऱ्या जातीवाचक किंवा धर्मावरून शिव्या अजिबात नाहीत. वर्गातल्या कुणीतरी त्या खऱ्याखुऱ्या ऐकलेल्या असतात, आणि त्याच्यासाठी तो सराव राहत नाही. 'कुरूप', 'मूर्ख', 'घरी जा' एवढ्यानेही पुरेसं डोकं तापतं. कुणीही 'थांबा' म्हटलं की फेरी तिथेच थांबली. सहभागी व्हायचं नसेल त्याला निरीक्षक करा, कारण विचारू नका.

चर्चेला दोन्ही फेऱ्यांपेक्षा दुप्पट वेळ ठेवा. आधी टवाळखोरांना बोलू द्या, मग बसणाऱ्यांना, शेवटी निरीक्षकांना. उलट क्रम लावला तर बसणारे आधीच हिरो होतात आणि टवाळखोर खरं बोलत नाहीत. निरीक्षकांना एकच काम द्या: कोण पहिल्यांदा हसलं, कुणी उलट उत्तर दिलं आणि त्याच्या आधी नेमकं काय घडलं, हे वेळेसह लिहायचं.

मुळाक्षर

सगळं उतरवून घेतलं. शेवटचं विचारतो: शिबिराच्या हॉलमध्ये लांब बाकं आहेत, खुर्च्या कमी. बाकांवर चालेल का?

निवांत काठावर

बाकं नकोत. बाकावर सहा जण खेटून बसतात, एकमेकांचा आधार मिळतो आणि एकाला ओढलं की सगळे हलतात. लंच काउंटरची स्टुलं सुटी, पाठ नसलेली, जमिनीत रोवलेली असायची. मागून कोण येतंय ते दिसत नाही आणि टेकायलाही काही नसतं. प्लास्टिकची स्टुलं मिळाली तर बघा, भिंतीपासून हातभर अंतरावर, भिंतीकडे तोंड करून लावा. टवाळखोरांना आधीच बजावा की स्टूल ओढायचं नाही, फरशीवर माकडहाड आपटतं. ओढल्याचं नुसतं म्हणायचं आणि बसलेल्याने स्वतःच खाली बसायचं.